सोनारीची शाई

परंडा, सोमवार, दिवेलागणीला

आक्काला पाठवलेलं पत्र आज माघारी आलं. पाठीमागं तिनं पेन्सिलीनं लिहिलंय, "'येऊ नको' एवढंच लिहायला इतकी चांगली शाई कशाला घेतलीस?"

पण मी तर लिहिलं होतं, "चूक माझी. आई आता थोड्याच दिवसांची आहे. घरी ये."

सोनारीच्या जत्रेत शाई विकणारा म्हणाला होता, वाचणाऱ्याच्या मनातलं उमटतं. मला वाटलं, बहिणीच्या मनात माहेरच असणार. वाटणीवरून मीच तिला दारातून माघारी लावलं होतं, ते कसं विसरलो? ती फोन उचलत नाही, म्हणून पत्र. मग साधं बॉलपेन नव्हतं का घरात?

बायकोनं वाचलं, तर तिला दिसलं, "आक्का, तुझा वाटा घ्यायला ये." तिचं तोंडच उतरलं.

आईला अक्षर येत न्हाय. खाटेवरून म्हणाली, "मोठ्यानं वाच की रं. येती का माझी लेक?"

मी कागद उघडला. मलाही दिसलं, "येऊ नको."

म्हणजे माझ्याही मनात हेच? साधं बॉलपेन...

"येती म्हणती," मी म्हणालो.

तेव्हापासून आई दाराकडं तोंड करून पडलीय.