बाबांचं बोलकाम

३ फेब्रुवारी

लिंबू मोठं झालं! किती मोठं ते सांगायचं राहून गेलं, म्हणून भोपळ्याएवढं झालं. पण झालं!

जवाहर नगरला बोलकामाच्या क्लासला जायला लागल्यापासूनचं पहिलं यश. नियम साधाच — होऊन गेल्यासारखं बोलायचं, आपल्या घरच्या भाषेत, मनात शंका न ठेवता. मग ते होतं. आणि जो बोलतो त्यालाच ते फिरवता येतं, दुसऱ्याला नाही. आमच्या शालिनीताई म्हणतात, सुवर्णा, तुम्ही प्रत्येक वाक्याआधी 'मतलब' म्हणता, तिथेच सगळं विरघळतं. काय करू? अकोल्याहून बदली होऊन आलो तेव्हा मयूरी पाळण्यात होती. आता ती बारावीला. जयपूर जिभेवर बसणारच.

राजरत्न लिंबू कापायला करवत शोधत होता. नवरा म्हणून चांगला आहे.

९ फेब्रुवारी

लिंबासाठी थोडीच जाते मी क्लासला. बाबांसाठी जाते. अर्धांगाचा झटका आल्यापासून सासऱ्यांचे हातपाय सुधारले, शब्द मात्र इकडचे तिकडे झाले. पाणी हवं असलं की 'छत्री' म्हणतात. आणि चुकलो हे आधी त्यांनाच कळतं. मग मान खाली. रेल्वेच्या युनियनमध्ये भाषणं ठोकणारा माणूस — दशरथजी उठले की साहेब लोक खुर्ची सावरून बसत, असं राजरत्न सांगतो.

शालिनीताईंना विचारलं. म्हणाल्या, वस्तूंवर करा, माणसाच्या जिभेवर करू नका. का, ते नाही सांगितलं.

१० फेब्रुवारी

केलं. सकाळी बाबांच्या पुढ्यात बसून म्हटलं, "बाबांच्या शब्दांत जोर आला." 'मतलब' नाही, काही नाही.

बाबांनी पुसायला म्हणून चष्मा काढला, त्याच्याकडे बघितलं आणि म्हणाले, "कोंबडा."

हातात कोंबडा! जिवंत. सोडाल्यातल्या आमच्या फ्लॅटमध्ये, तिसऱ्या मजल्यावर.

१२ फेब्रुवारी

शालिनीताई रागावल्या नाहीत. शब्द तेच राहिले, जोर तेवढा आला म्हणे. मी परत फिरवलं तर जोराबरोबर उरलेसुरले शब्दही जातील. म्हणजे ते नाहीच करायचं.

कोंबड्याचा चष्मा बाबाच करू शकतात, योग्य शब्द सापडला तर. संध्याकाळी त्यांनी फार कष्ट घेतले. आता तो कुकर आहे. चांगला आहे, पाच लिटरचा.

१७ फेब्रुवारी

मयूरीची चैन चालली आहे. जुना मोबाइल आजोबांसमोर धरते — "आबा, हा काय आहे, बताओ ना." नवा मिळेल अशी आशा. बाबांनी मेथीची जुडी केली. पोट्टी रडली. भाजी केली मी. बरी झाली होती.

बाबा मात्र हसले आज. किती दिवसांनी!

२१ फेब्रुवारी

खालचे शर्माजी बाबांची तब्येत विचारायला आले. बाबांनी त्यांच्याकडे बघून तोंड उघडलं मात्र, राजरत्नने मध्ये उडी घेतली आणि शर्माजींना ढकलतच बाल्कनीत नेलं. थंडीत चहा तिथेच प्यायले बिचारे.

नंतर राजरत्न म्हणाला, यापुढे कुणी बाबांच्या नजरेसमोर यायचं नाही. वस्तूंचं ठीक आहे, माणसाचं काय करायचं? खरंच आहे ते. आता तो त्यांना मागून वाढतो. मयूरी दारातून औषध पुढे सरकवते.

२६ फेब्रुवारी

बाबा बोलत नाहीत.

१ मार्च

ताट घेऊन गेले तर बाबांनी आपली खुर्ची आपणच भिंतीकडे वळवून घेतली. आम्हाला चुकवत फिरावं लागू नये म्हणून. मी स्वयंपाकघरात येऊन भांडी आपटली. कुकर सगळ्यात जोरात.

राजरत्नला सांगून टाकलं, उद्या मी त्यांच्या पुढ्यात बसणार आणि मला नावाने हाक मारा म्हणणार. घरातल्या माणसाने भिंतीशी जेवायचं नाही.

"आणि तुला स्टूल करून टाकलं तर?"

"तर बसत जा माझ्यावर."

हसला नाही. मग बराच वेळ माझा हात धरून बसला.

२ मार्च, सकाळ

जाते आता. चांगली साडी नेसले आहे. काय व्हायचं ते होवो, निदान नीट दिसावं. मयूरीला सांगितलं, मी काही झाले तरी मला पावसात बाहेर ठेवू नका.

२ मार्च, दुपार

मी भीमाबाई. सुवर्णाची सासू. मले जाऊन सहा वर्षं झाली होती. आज यायनं, मयूरीच्या आबायनं, सुनेकडे पाह्यलं अन् माह्यं नाव घेतलं. बरोब्बर, एका दमात. मंग मी आली.

राजरत्न रडून राह्यला. नात नुसती पाहून राह्यली. सुवर्णा परत यावी तर यायले 'सुवर्णा' म्हनता आलं पाह्यजे. ते मीच शिकवीन. शिकले की मी चालली.

उद्यापासून शिकवीन. आज नाही.