बाबांसकट खुर्ची

ती. आत्या हिला,

साष्टांग नमस्कार. (कंबर धरली आहे, तेव्हा तूर्त कागदावरच.) तुझा गुडघा काय म्हणतो? चष्म्याचा नंबर वाढला असं कळलं, म्हणून अक्षर मोठं काढतो आहे.

तर वीस वर्षं दुसऱ्यांच्या हाताखाली पडदे टांगल्यावर (सिनेमाचे नव्हे, खिडक्यांचे) मला एकदाचं अख्ख्या सिनेमाचं कलादिग्दर्शन मिळालं. ते म्हणजे काय, हे तू दर खेपेला विचारतेस. पडद्यावर माणसं सोडून जे जे दिसतं, ते सगळं माझ्या डोक्यावर. गोष्ट होती एकट्या राहणाऱ्या विधवेची. स्टुडिओत मी तिचं घर उभं केलं, भिंतीला ओल, दाराला कुरकुर, काही म्हणून सोडलं नाही. दिग्दर्शकांनी पाहिलं आणि म्हणाले, "छान आहे, पण इथे कोणी राहतंय असं वाटत नाही." झालं! मी आमच्याच घरातलं सामान तिकडे हलवायला लागलो. आधी चपलांचा स्टँड, मग पडदे, मग जेवणाचं टेबल. बायकोने चार दिवस जमिनीवर पानं वाढली. शेवटी उरली बाबांची वेताची खुर्ची. हमाल आले, तर बाबा उठेनात. "मी बसलोय, दिसत नाही?" तुझाच भाऊ, तुला वेगळं काय सांगू! हमालांनी बाबांसकट खुर्ची उचलून टेम्पोत ठेवली.

सेटवर बाबा पेपर उघडून बसले. दिग्दर्शकांनी कॅमेऱ्यातून पाहिलं आणि ओरडले, "आता घर वाटतंय!" पहिला शॉट बाबांसकट झाला, त्यामुळे पुढच्या प्रत्येक शॉटला बाबा लागणारच, नाहीतर म्हातारा गेला कुठे? लेखकाने दोन दिवस डोकं धरलं आणि ठरवलं, की म्हातारा घरात आहे, पण विधवा त्याच्याशी बोलत नाही. त्यावर बाबाच तिच्याशी बोलायला लागले. ती नवऱ्याच्या फोटोपुढे हमसून रडत होती, तर म्हणाले, "बाई, फोटो वाकडा लागलाय." (मीच लावला होता. वाकडाच होता.) ती रडता रडता हसली, आणि दिग्दर्शकांनी तो शॉट जपून ठेवला.

शूटिंग संपलं, घर मोडायला सुतार आले. बाबा उठले, भिंतीवरून हात फिरवला आणि जन्मात पहिल्यांदा माझ्या कामाबद्दल बोलले. "चांगली बांधली होतीस रे. ओल तेवढी काढायला हवी होती." (ती ओल रंगवायला मला नऊ दिवस लागले होते.) आत्या, मला तिथेच बसावंसं वाटलं, पण खुर्ची टेम्पोत गेली होती.

तुझा भाचा

ता. क. सिनेमा परवा लागला. पेपरात आलंय, की घर अस्सल आहे, पण खुर्चीतला म्हातारा अगदीच खोटा. खरी म्हातारी माणसं अशी बसत नाहीत. बाबा रविवारी तुझ्याकडे आठ दिवस येताहेत. इथला पेपर मी लपवला आहे, तिथला तू लपव. पत्र त्यासाठीच लिहिलं.

आणखी एक. लपवायला उशीर झाला असावा. सकाळपासून बाबा आरशासमोर खुर्ची ओढून म्हाताऱ्यासारखं बसायचा सराव करताहेत.