भीमराज मोऱ्यांची मुलगी

१० जानेवारी, शुक्रवार

रविवारी सिद्धेशच्या आईबरोबर गोराईला जायचं ठरलं. आम्ही दोघीच. त्यांनीच फोन केला. खाडीपलीकडच्या गावात सकाळी रानातून, शेतांतून फिरवतात आणि मग जुन्या पद्धतीचा स्वयंपाक शिकवतात म्हणे. "त्याला नको आणूया गं. तो असला की तू त्याच्याशीच बोलतेस."

एकदाच भेटलोय आम्ही. तेही हॉटेलात, तासभर.

साखरपुडा सोळा फेब्रुवारीला. दोन्हीकडचे आईवडील अजून भेटलेले नाहीत. तुझ्या आईवडिलांना घाटकोपरला आमच्याकडे आण म्हटलं की सिद्धेश पुढे ढकलतो. मागच्या आठवड्यात परत विचारलं, आम्ही बौद्ध आहोत हे आईला माहीत आहे ना? म्हणाला, "सांगितलंय गं सगळं. तिचा काही प्रॉब्लेम नाही."

मग मला धाकधूक का?

१२ जानेवारी, रविवार

आत्ताच आले. केसांना धुराचा वास आहे. आंघोळीच्या आधी लिहून टाकते.

सकाळ छान होती. हे लिहायलाच हवं, नाहीतर उद्या मला वाटेल की पहिल्यापासूनच वाईट होतं. बोरिवलीच्या जेट्टीवर काकू माझ्याआधी येऊन उभ्या होत्या. साडी, आणि पायात सिद्धेशचे जुने बूट. बोटीत चढताना त्यांनी माझा हात धरला तो पलीकडे उतरेपर्यंत सोडलाच नाही. देवगडच्या असून बोटीला घाबरतात. "कोणाला सांगू नको हां."

वाट दाखवायला माधुरी होती, त्या गावचीच सून, माझ्याएवढी असेल. आधी तिवरांच्या कडेने, मग वालाच्या शेतांतून. बांधावर एक झुडूप दाखवलं — भांबुर्डा. पान चुरडलं की ओव्यासारखा वास. तो खुडून घ्यायला सांगितला. काकूंनी पिशवी भरली. चालताना नॉनस्टॉप बोलत होत्या. सिद्धेशला लहानपणी माशाचा काटा लागला ते, त्याच्या वडिलांची गिरणी बंद पडल्यावर त्यांनी पोळीभाजीचे डबे केले ते. मध्येच विचारलं, "तुमचं देवक काय गं?" आम्हाला कुठलं देवक! मला वाटलं गंमत करतायत. नुसती हसले.

मग माधुरीच्या घरी, अंगणात. तिच्या सासूबाई, द्रौपदीबाई, शिकवणार होत्या. त्यांचं माहेर पेणकडचं, म्हणून पोपटी. आमच्याशिवाय आणखी चौघी आल्या होत्या, दोघीदोघींना एक मडकं. तळाला भांबुर्डा, त्यावर मीठ चोळलेल्या वालाच्या शेंगा, अंडी, बटाटे, मसाला लावलेलं चिकन, परत भांबुर्डा गच्च कोंबायचा. मडकं उपडं ठेवून भोवती पेंढा पेटवायचा. काकूंनी पदर खोचला आणि मला बाजूलाच केलं. "तू शेंगा दे नुसत्या."

पोपटी भाजेपर्यंत प्रत्येकीने आपल्या घरची एक चटणी करायची होती. मी आजीचा खर्डा केला. मिरच्या, लसूण, शेंगदाणे तव्यावर परतून पाट्यावर रगडले. काकूंनी बोटाने चाखला. डोळ्यांत पाणी आलं तरी परत बोट घातलं. "ह्यो माका शिकव गो." किती बरं वाटलं मला.

द्रौपदीबाई सगळ्यांची चौकशी करत फिरत होत्या. माझ्याजवळ आल्या. "कुणाची गं तू?"

"भीमराज मोऱ्यांची. घाटकोपर. मूळ साताऱ्याकडचे."

काकू पाटा धूत होत्या. हात थांबला. "भीमराज?" एवढंच म्हणाल्या. मी म्हटलं, हो, पप्पांचं नाव. त्या माझ्याकडे बघत राहिल्या. मग खाली बघून पाटा धुवायला लागल्या. धुतलेलाच परत धुतला.

मोरे काय, कोणीही असतात. पण भीमराज नाव आमच्याशिवाय कोण ठेवतं? कोणालाही कळेल. पण काकूंना तर आधीच माहीत होतं ना?

मडकं फोडलं. काकूंनी स्वतःच्या हाताने मला वाढलं. अंडं सोलून दिलं. स्वतः काही घेतलं नाही. "पोटात बरं नाही." द्रौपदीबाईंनी दोनदा आग्रह केला. फक्त पाणी प्यायल्या.

परतताना बोटीत समोरच्या बाकावर बसल्या. दोन्ही हात मांडीत. उतरल्यावर म्हणाल्या, "नीट जा." बस.

दार मम्मीने उघडलं. पहिला प्रश्न — "जेवल्या का त्या?"

हो म्हणाले.

१३ जानेवारी, सोमवार

सिद्धेशशी भांडण. सगळं सांगितलं. म्हणाला, तिला ॲसिडिटी आहे, उन्हात फिरली, पोट बिघडलं असेल. "तू ना, सगळीकडे तेच शोधतेस यार."

शोधत नाही मी. शाळेत असताना एका मैत्रिणीच्या घरी पाण्याचा ग्लास वेगळा आला तेव्हाही शोधत नव्हते. तो समोर आला.

पण खर्डा चाखला होता त्यांनी. अंडं सोलून दिलं होतं. ज्यांना माझं चालत नाही त्या मला हाताने का वाढतील? की वाढायला चालतं, सोबत खायला नाही? दिवसभर हेच. चष्म्याच्या दुकानात कामावर एका पेशंटचा उजव्या डोळ्याचा नंबर डाव्याला लिहिला.

१४ जानेवारी, मंगळवार

संक्रांत. काकूंचा मेसेज नाही. मीही केला नाही.

१६ जानेवारी, गुरुवार

काकूंचे तीन मिस्ड कॉल. उचलले नाहीत. नकारच द्यायचा असेल तर मुलाच्या तोंडून द्या.

मम्मीने साखरपुड्याची साडी दाखवली. मोरपंखी. छान आहे म्हटलं.

१८ जानेवारी, शनिवार

दुपारी दुकानात मान खाली घालून काम करत होते. समोर कोणीतरी येऊन उभं राहिलं. "नंबर काढायचाय." वर बघितलं तर काकू! बोरिवलीहून घाटकोपरला, एकट्या.

मालक गल्ल्यावर होते. मी काकूंना आत नेलं, खुर्चीत बसवलं, दार लावलं. काय करावं कळेना म्हणून खरंच डोळे तपासायला घेतले. चष्म्याची फ्रेम चढवली, भिंग घातलं. म्हटलं, शेवटची ओळ वाचा.

वाचली नाही. म्हणाल्या, "माका खरा सांग. तुझ्या बापाशीचा नाव सांगू नको म्हणून तू त्याका सांगितलंस?"

मी विचारलं, कोणाला?

"सिद्धेशाक."

मला काही समजेना. मग त्यांनी सावकाश सांगितलं. सिद्धेशने त्यांना एवढंच सांगितलं होतं — मुलीचं नाव तेजल मोरे, मूळ साताऱ्याकडची. त्या म्हणाल्या, म्हणजे मराठे. तो गप्प बसला. दहा महिने गप्प बसला. त्यांनी देवगडला भावाला कळवलं, आपल्यातलीच मुलगी आहे म्हणून. सिद्धेश बाजूला बसून ऐकत होता.

"माका म्हायतच नाय होता गो. त्या बाईने विचारलान तेव्हा कळला."

मी खाली बसले. पेशंटच्या पायाशी स्टूल असतं, त्यावर.

म्हटलं, मग जेवला का नाहीत?

"घास गेलो नाय. माझो झील दहा महिने माझ्याकडे बघून खोटा वागलो." मग जरा थांबून, आपल्या नेहमीच्या मराठीत — "आणि तुला खोटं कशाला सांगू? तेवढंच नव्हतं. धक्का बसला मला. तू चांगली आहेस हे तोंडावर दिसत होतं, तरी बसला. भाऊ काय म्हणेल, वाडीत काय सांगू, हेच पहिलं मनात आलं. आधी विचारलं असतं तर नाही म्हटलं असतं मी. कदाचित. पण मला म्हणू तरी द्यायचं होतं. चार दिवस भांडले असते, रडले असते. काय ते झालं असतं."

मला राग यायला हवा होता. आलाही. पण गेल्या आठवड्याभरात माझ्याशी खरं बोललेलं हे पहिलंच माणूस.

सिद्धेशला विचारलंत? म्हटलं.

"अजून नाही. आधी तुला विचारायचं होतं. तुम्ही दोघांनी मिळून केलं असेल तर वेगळं."

नाही, म्हटलं. मला तर तो म्हणाला होता तुम्हाला सगळं माहीत आहे.

काकूंनी ती फ्रेम काढून माझ्या हातात दिली. "म्हणजे दोघींना." आणि गेल्या.

१९ जानेवारी, रविवार

आरे कॉलनीत भेटलो, नेहमीच्या चहाच्या टपरीवर. काकूंनी घरी रात्रीच विचारलं होतं. त्यामुळे तयार होऊन आला होता.

"मी खोटं काय बोललो? ती मराठे म्हणाली. मी हो म्हणालो नाही."

आणि मला काय सांगितलंस?

"तू टेन्शन घेतलं असतंस. लग्न झाल्यावर सांगणार होतो. एकदा तू घरात आलीस की तिला तू आवडणारच होतीस. मी आपल्यासाठीच केलं ना!"

तो वाईट नाही. माझ्या मम्मीचं ऑपरेशन झालं तेव्हा रात्रभर हॉस्पिटलच्या बाकड्यावर बसला होता. समोर बघून रडत होता आज. मीही विरघळत होते, खरं सांगायचं तर.

मग म्हणाला, "आईला मी पटवतो. फक्त पत्रिकेवर पप्पांचं नाव बी. आर. मोरे टाकूया. गावच्या लोकांपुरतं. काय फरक पडतो?"

चहा तसाच ठेवून निघाले. तो बाईकवरून सोडतो म्हणाला. बसने आले.

२० जानेवारी, सोमवार

पप्पांना काही सांगितलेलं नाही. हॉल बुक करायला निघाले होते. म्हटलं, थांबा दोन दिवस. चष्म्यावरून बघितलं. "भांडलात?" हो म्हटलं. "मिटव," म्हणाले आणि पेपर वाचायला लागले. मग पेपराच्या मागूनच — "की मिटवण्यासारखं नाही?"



२४ जानेवारी, शुक्रवार

सिद्धेशचे रोज मेसेज. आई बोलत नाही. आई जेवत नाही. आई थोडी बोलली. आई भावाशी फोनवर भांडली. सगळ्या बातम्या आईच्या.

एकदा वाटतं, माफ करावं. चुकला, घाबरला. माझ्या घरी येतो तेव्हा पप्पांच्या पाया पडतो. मग वाटतं, ज्यांच्या पाया पडतो त्यांचंच नाव लपवतो.

२८ जानेवारी, मंगळवार

काकू तयार झाल्या. सिद्धेशचा दुपारी फोन. आवाज नुसता उडत होता. "आई म्हणते रविवारी येतो मागणी घालायला. नाव पूर्ण छापा म्हणाली, तिनेच. सुटलो ना आपण!"

मी म्हटलं, नको येऊ. लग्न नाही करायचं मला.

"वेडी झालीस? आता तर आई तयार आहे!"

"आई तयार आहे रे. पण माझं लग्न तुझ्याशी होतं."

पप्पांना सांगितलं. मम्मीने साडी कपाटात ठेवली.