शेवटची सहा पत्रं

९ नोव्हेंबर
माझी बायको शालन जाऊन बावीस दिवस. ही वही तिच्या औषधांची. गोळी किती वाजता, ताप किती, लघवी किती. १८ ऑक्टोबरला थांबली. पुढची पानं कोरी आहेत आणि कोणाशी बोलावंसं वाटत नाही, म्हणून यातच लिहितो.

आज आदिलाबादला तिची शोकसभा झाली. वाचनालयाच्या हॉलमध्ये चाळीसेक माणसं. तिच्या शाळेतल्या बाया, जुने विद्यार्थी. नागपूरहून खांदवे सर आले. मोठे लेखक. तेवीस वर्षं शा. आणि ते एकमेकांना पत्रं लिहीत होते. नागपूर इथून चार तासांवर. या जिल्ह्यात ते पहिल्यांदा आले.

पाऊण तास बोलले. त्यातली पंचवीस मिनिटं स्वतःबद्दल. शेवटी खिशातून कागद काढून म्हणाले, "शालनताईंची शेवटची सहा पत्रं म्हणजे त्यांच्या लेखनाचं शिखर आहे." आणि एक ओळ वाचली. 'खिडकीतला मोह दिवसभर उभा, मी दिवसभर आडवी. दोघांनाही कुठं जायचं नाही.' मागच्या बाया डोळे पुसत होत्या.

ती ओळ माझी आहे. सहाही पत्रं माझी आहेत.

सभेनंतर जेवण होतं. जेवलो नाही.

१० नोव्हेंबर
जनावरांच्या दवाखान्यात तीस वर्षं कंपाउंडर होतो. व्यायलेल्या गायीच्या पोटात सडलेली वार कोपरापर्यंत हात घालून काढली आहे. तेव्हाही घरी येऊन पोटभर जेवलो. काल घास गेला नाही. आजही.

खां. सकाळी गाडी करून इंद्रवेल्लीला घरी आले. चहा ठेवायच्या आत विचारलं, "वाघमारेजी, माझी पत्रं तुमच्याकडे सुरक्षित आहेत ना?" माझी पत्रं, म्हणजे त्यांनी तिला लिहिलेली. दोघांच्या पत्रांचं पुस्तक निघणार आहे. छापणारा ठरला आहे. तिच्या पत्रांसाठी वारस म्हणून माझी सही लागते. छापील संमतीपत्र सोबतच आणलं होतं.

त्यांच्या पत्रांचा गठ्ठा मी दिला नाही. ते म्हणाले, काही हरकत नाही, मी प्रत्येकाची झेरॉक्स काढूनच टपालात टाकत होतो. तेवीस वर्षं! शा. ला वाटायचं, वर क्रमांक घालतात ते आठवण राहावी म्हणून. मलाही तसंच वाटायचं.

जाताना तिच्या पलंगाचा फोटो घेतला. आधी चादर ओढून सरळ केली. उशी थोडी तिरपी ठेवली.

संमतीपत्र टेबलावर आहे.

१३ नोव्हेंबर
लिहून ठेवतो, म्हणजे डोक्यातून जाईल.

जानेवारीत शा. चा उजवा हात गेला. ती सांगायची, मी लिहायचो. चार महिन्यांत अशी पाच पत्रं झाली. तिचीच. मी फक्त हात. मे संपताना दुसरा झटका आला आणि बोलणं गेलं. डोळे होते, कान होते. डावा हात पुढं थोडा परत आला.

मी खां. ना फोन केला. उचलला नाही. तीनदा केला. फोनवर बोलायचं नाही हा त्यांचा नियमच होता. 'आपलं नातं कागदाचं आहे, ताई.' त्यांचं हे वाक्य तिला फार आवडायचं. मला तेव्हाही आवडलं नव्हतं.

जूनमध्ये त्यांचं पत्र आलं. तिला वाचून दाखवलं. ती पाच सोडली तर तोवर तिची पत्रं मी कधी वाचली नव्हती, आलेलीही नाहीत, गेलेलीही नाहीत. ती लिहायला बसली की मी अंगणात जायचो. वाचलं तर चार पानांत काय? गुडघा. अमक्या समितीवर यांना घेतलं नाही. तमक्यानं यांची कल्पना चोरली. शा. चं नाव फक्त वर आणि शेवटी. पण वाचताना तिचा डावा अंगठा चादरीवर हलत होता. झटक्यानंतर पहिल्यांदा.

उत्तर गेलं नाही तर पुढचं पत्र येणार नाही. म्हणून लिहिलं. एवढंच कारण. तो अंगठा.

२० नोव्हेंबर
मुलगी सुजाता निर्मलहून आली. दोन दिवस राहणार. घर झाडलं, आईच्या साड्या उन्हात टाकल्या. संमतीपत्र पाहिलं.

"बाबा, सही काऊन नाई केली अजून?"
"करीन."
"तुमी नुसतं करीन करीन. आईचं नाव पुस्तकावर येऊन राह्यलं, आन तुमी अडून बसले. आयुष्यभर तिनं कथा लिहिल्या, कोणी छापलं का?"

बरोबर आहे तिचं. कथा कोणी छापल्या नाहीत. शा. दर तीन-चार वर्षांनी कथांचा गठ्ठा खां. ना पाठवायची. पत्र साध्या टपालानं, कथा मात्र रजिस्ट्रीनं, पोचपावती लावून. ते प्रस्तावना लिहिणार, मग पुस्तक निघणार. पोचपावती यायची. पुढच्या पत्रात कथांबद्दल अवाक्षर नाही. ती म्हणायची, "मोठ्या माणसाला वेळ लागतो, सुजाचे बाबा."

सुजाला काही सांगितलं नाही. तिनं मोबाइल दाखवला. मोहाच्या झाडाची ती ओळ तिनं स्टेटसला ठेवली आहे, आईच्या फोटोखाली.

२४ नोव्हेंबर
छापायची पानं आली. तीनशेच्या वर. आधी खां. ची प्रस्तावना. 'शालनताईंचे प्रत्येक पत्र तीनदा वाचल्याखेरीज मी उत्तराला बसत नसे.'

शेवटी माझी सहा. पत्र १३२ ते १३७. प्रत्येकाखाली टीप. एके ठिकाणी मी लिहिलं होतं की आज गवारीची भाजी आळणी झाली. त्यावर खाली सहा ओळी, की ही आळणी चव म्हणजे मृत्यूची चाहूल. गवारीत मीठ टाकायचं मी विसरलो होतो.

एक पत्र नाही. ऑगस्टमधलं. पुन्हा पुन्हा पाहिलं. नाही.

त्याबद्दल उद्या लिहीन.

२५ नोव्हेंबर
ऑगस्टमध्ये शा. नं डाव्या हातानं कागद मागितला. म्हणजे बोट दाखवलं. पाटी दिली, तिच्यावर कागद दिला. तीन दिवस लिहीत होती. दिवसाला चार-पाच ओळी असतील. मी जवळ गेलो की हात आडवा ठेवायची. तिसऱ्या दिवशी घडी घातली, आणि खां. च्या पत्रांच्या गठ्ठ्याकडे बोट केलं. त्यांना पाठवायचं. पाकिटावर पत्ता मी लिहिला. घरात डिंक नव्हता, भाताच्या शितांनी चिकटवलं. हरवू नये म्हणून रजिस्ट्री केली. पोचपावती आली, खां. ची सही आहे. या वहीतच आहे, २६ ऑगस्टच्या पानावर.

तिच्या हातचं शेवटचं लिखाण ते. आत काय आहे मला माहीत नाही. पुस्तकात माझी सहा आहेत आणि तिचं एक नाही.

२७ नोव्हेंबर
खां. नी फोन उचलला. आता उचलतात.

"ऑगस्टमधलं? आलं असेल हो काहीतरी. कागद फार आहेत माझ्याकडे, वाघमारेजी. बघतो. तुम्ही तेवढी सही पाठवा."

म्हटलं, आधी पत्र.

"अहो, एका पत्रानं काय अडतंय?"

२ डिसेंबर
परत फोन केला. आज सांगून टाकलं. शेवटची सहा तिची नाहीत, माझी आहेत. छापू नका.

ते हसले. "मला माहीत होतं हो. तुमच्या मुलीनं मे महिन्यातच मेसेज केला होता, ताईंची वाचा गेली म्हणून."

मी फोन दुसऱ्या कानाला लावला.

"पण पत्रं उत्तम आहेत! ताई तुमच्या हातून बोलत होत्या असं समजा. वाचकाला कशाला सांगायचं? आणि खरं सांगू का, तुम्ही लेखक आहात, वाघमारेजी. उगाच गुरांच्या मागं आयुष्य घालवलं."

माहीत असून हा माणूस तिला लिहीत होता, 'ताई, तुमच्या शब्दांची वाट पाहतो.' मी ते तिला मोठ्यानं वाचून दाखवत होतो.

आणखी एक लिहितो, कारण ही वही खोटी नको. तुम्ही लेखक आहात म्हणाले तेव्हा क्षणभर बरं वाटलं. खरंच बरं वाटलं. मग मोरीत जाऊन चूळ भरली.

७ डिसेंबर
सुजा आली. तिला सगळं सांगितलं. आधी मेसेजचं विचारलं. म्हणाली, "हो, केला होता ना. दोन निळ्या खुणा आल्या, उत्तर नाई आलं. मोठा माणूस, कामात असन म्हटलं."

मग पत्रांचं सांगितलं. ती बसली होती ती उठली. मोबाइल काढला, स्टेटस बघितलं.

"म्हंजे हे तुमचं हाय?"
"हो."
"बाबा, आईनं कधी स्वतःले अशी बिचारी म्हटलं का? आडवी पडून राह्यली म्हणे! तिनं सांगितलं होतं का तुमाले, माझ्या नावानं बोला म्हणून?"

संध्याकाळच्या बसनं गेली. डबा भरून दिला होता, तो ओट्यावर विसरली. विसरली असेल किंवा ठेवून गेली असेल.

९ डिसेंबर
सुजाला जे सांगितलं नाही ते.

पहिलं उत्तर लिहिलं, जूनमधलं, ते पाकिटात घालायच्या आधी शा. ला वाचून दाखवलं. मला वाटलं, तिला आवडेल. अर्धं झालं असेल. तिनं तोंड भिंतीकडे केलं. मान वळवायला तिला किती वेळ लागायचा हे मला माहीत. तरी वळवली.

ते पत्र मी टाकलं. पुढची पाच तिला वाचून दाखवली नाहीत. लपवून लिहिली. इथं याच टेबलावर, तिच्याकडे पाठ करून. पण तिचे कान चांगले होते. पेनचा आवाज तिला कळत असणार.

आणि मग ऑगस्टमध्ये तिनं कागद मागितला.

काय लिहिलं असेल, याचा विचार मी रोज करतो. खां. ची शिसारी येते हे खरं. पण त्यांनी झेरॉक्स काढली, टिपा लिहिल्या. तिच्या डोळ्यांदेखत, तिच्या नावानं लिहिलं ते मी.

११ डिसेंबर
पोचपावतीची झेरॉक्स नागपूरला पाठवली. सोबत एकच ओळ. 'ही सही आपली आहे. पत्र परत करावे, त्यानंतरच संमतीचा विचार करीन.'

पोस्टात कापसाच्या बोलीला निघालेले दोघे मागं उभे होते. एक म्हणाला, "काका, आता कोन लिवते चिठ्ठी?" दुसरा म्हणाला, "लव्ह लेटर असन." हसले. मलाही हसू आलं. बऱ्याच दिवसांनी.

१९ डिसेंबर
छापणाऱ्याचा फोन. पानं लागली आहेत, सहीसाठी थांबलो आहोत. खां. चा फोन नाही.

सुजाचाही नाही. तिनं स्टेटस काढलं आहे. आता नुसता फोटो.

२६ डिसेंबर
अकरा वाजता पोस्टमन राजन्ना आला. "सार, नागपूर से रिजिस्ट्री. बडा है." कागद पुढं केला. "संतकम, सार, इधर." सही केली. त्याला पाणी दिलं. "मॅडम का किताब आया क्या?" त्याला तिचं फार कौतुक. म्हटलं, नाही, मॅडमचे कागद.

आत चार पाकिटं आणि खां. ची चिठ्ठी. 'आपल्याकडून रजिस्ट्रीने आलेले सर्व परत पाठवीत आहे. कथांमुळे बाजूला ठेवले गेले, वाचायचे राहून गेले. सही उलट टपाली पाठवावी, छपाई खोळंबली आहे.'

तीन पाकिटं जाड. त्यांवरचं अक्षर शा. चं, उजव्या हाताचं. सर्वात जुनं बारा वर्षांपूर्वीचं. प्रत्येकावर लाल शाईनं 'आले' आणि तारीख. एकही फोडलेलं नाही. चिकटपट्टी तिनं लावली तशीच. प्रस्तावनेची वाट पाहत बारा वर्षं.

चौथं पातळ. पत्ता माझ्या अक्षरात. शितं वाळून कडेला पांढरी झाली आहेत. तेही फोडलेलं नाही. रजिस्ट्री दिसली म्हणून कथा समजून टाकून दिलं असणार.

तीनदा वाचत होते म्हणे.

राग येईल असं वाटलं होतं. आला नाही. मेलेल्या जनावराजवळ उभं राहिल्यावर येतो तसा वास नाकात बसला आहे. पाकिटांना तसला काही वास नाही. हुंगून पाहिलं.

२७ डिसेंबर
जाड पाकिटं फोडली. तेरा कथा. दुपारपर्यंत दोन वाचल्या. मला कथेतलं कळत नाही. दुसरीत एक कंपाउंडर आहे, फार कमी बोलणारा. त्याची बायको त्याला म्हणते, "तुम्ही गप्प बसता तेव्हाच मला तुमचं खरं वाटतं."

वही मिटली. परत उघडली.

२८ डिसेंबर
सुजाला फोन केला. आईच्या तेरा कथा घरी आल्या आहेत म्हटलं. "कुठून आल्या?" म्हणाली. सगळं सांगितलं. मग म्हणाली, "आन ते डाव्या हाताचं? फोडलं का?"
"नाही."
"काऊन?"
"माझ्या नावाचं नाही ते."
"मग ज्याच्या नावाचं हाय त्यानं तरी फोडलं का, बाबा?"
रविवारी येते म्हणाली. मी येईपर्यंत हात लावू नका, असंही म्हणाली. आणि लगेच, "नाई तर फोडा. तुमचं तुमी बघा."

२९ डिसेंबर
शनिवार. छापणाऱ्याचे दोन फोन. उचलले नाहीत.

टेबलावर संमतीपत्र, त्यावर पातळ पाकीट. कोवळं ऊन खिडकीतून त्यावर येत होतं. आतली ओळ उजेडात दिसली असती. उचलून सावलीत ठेवलं.

चहा केला. येऊन बसलो. एका कोपऱ्यात शीत सुटलं आहे, नख जाईल एवढं. नख लावलं. काढलं.

उद्या सुजाची पहिली बस दहाला येते.