पस्तीस पीपीबी

७ जानेवारी, सोमवार
आज सकाळी अकरा वाजून दहा मिनिटांनी माझं वाटोळं झालं. लॅबमध्ये एका नव्या रिपोर्टसाठी मागचा, शाळेच्या हवेचा रिपोर्ट उघडला. सल्फर डायऑक्साइडच्या रकान्यात गुणक — १.८८!

हा नायट्रोजन डायऑक्साइडचा. मशीन आकडा देतं पीपीबीत, म्हणजे हवेच्या शंभर कोटी भागांत वायूचे भाग किती ते. रिपोर्टला लागतात मायक्रोग्रॅम. प्रत्येक वायूचं वजन वेगळं, म्हणून गुणक वेगळा. सल्फरचा २.६२. मीच माउसने एका रकान्यातलं सूत्र शेजारी ओढलं होतं. का? तर तेव्हा आमची केमिस्ट खिडकीशी उभी राहून केस बांधत होती. गाढव मी!

शाळा कारखान्याच्या भिंतीला लागून. गच्चीवर आठवडाभर मशीन होतं. सरासरी पस्तीस पीपीबी. रिपोर्टात झाले सहासष्ट मायक्रोग्रॅम. मर्यादा ऐंशी, म्हणजे पास. खरे होतात ब्याण्णव. आणि त्या सहासष्टच्या भरवशावर शाळेने बंद ठेवलेलं मैदान पुन्हा उघडलंय.

८ जानेवारी, मंगळवार
साहेबांना सांगितलं.

"दुसऱ्या वर्षाला केमिस्ट्रीत गटांगळ्या खाऊन पळालास, आणि मला शिकवतोस?"

आकडे पुढे ठेवले. त्यांनी बघितलेही नाहीत. चष्मा पुसत म्हणाले, "कारखाना आपलं जुनं गिऱ्हाईक आहे. रिपोर्ट गेला, विषय संपला. आणि सही केमिस्टची आहे. बोंब मारलीस तर पहिली तीच घरी जाईल. चालेल?"

म्हाताऱ्याने बरोबर नस पकडली. टेबल उलथून टाकायला हवं होतं — मी आपली खुर्ची नीट आत सरकवून बाहेर आलो.

९ जानेवारी
मुद्दाम शाळेवरून गेलो. मैदानात पोरं धावत होती. एक मुलगी गुडघ्यांवर हात टेकून खोकत होती, बाकीची तिला "आउट, आउट" म्हणत होती.

१० जानेवारी, गुरुवार
ताईने ताट पुढ्यात आदळलं. "तीन दिवस तोंड पाडून बसलायस. नोकरी गेली की पोरगी?"

"दोन्ही अधांतरी आहेत."

मग सगळं सांगून टाकलं. ती शांतपणे म्हणाली, "चूक तुझी ना? मग तसं लिहून दे. तिला कशाला मधे आणतोस?"

इतकं सोपं! हे मला का सुचलं नाही? शाळेच्या मुख्याध्यापिकेच्या नावाने लिहायला बसलो — सूत्र मी चुकवलं, केमिस्टचा काहीही दोष नाही. चार कागद फाडले. दर वेळी दुसऱ्या ओळीपासून ते प्रेमपत्रच व्हायला लागायचं.

११ जानेवारी
ती रजेवर. तिच्या टेबलावरच्या बाटल्यांची लेबलं वाचत बसलो. काय अक्षर आहे!

१२ जानेवारी, शनिवार
ती आली. कागद तिच्यापुढे ठेवला. म्हटलं, "शाळेला देणार आहे. तुला जराही झळ लागू देणार नाही."

तिने वाचला. घडी घालून परत दिला.

"सही करायच्या आधी मी हाताने आकडे करून बघते. नेहमीच. ब्याण्णव आले होते."

मला आधी कळलंच नाही. "मग सही?"

"साहेबांना दाखवलं होतं. म्हणाले, त्या पोराने केलंय तसंच असू दे. उद्या काही निघालं, तर त्याच्यावर टाकता येईल." ती हातातलं पेन नुसतंच उघडत-मिटत होती. "तू तसाही इथे फार दिवस टिकणार नाहीस, असं वाटलं मला."

कागदावरची "केमिस्टचा काहीही दोष नाही" ही ओळ खोडली. "सूत्र मी चुकवलं" तशीच ठेवली. ते खरंच आहे. मशीनच्या मूळ आकड्यांची प्रत काढून सोबत जोडली. शनिवारची शाळा साडेबाराला सुटते, बारा वाजून गेले होते.

"अरे, थांब ना. ऐक तरी," ती मागून म्हणाली.

बाहेर पडलो आणि दार ओढून घेतलं.