रंगाऱ्यांच्या प्रार्थनागृहातील उजव्या भिंतीबद्दल

मी नोफ्री दि वान्नी, धंदा चित्रकाराचा, वय एकसष्ट, राहणार फ्लॉरेन्स, नदीपलीकडची वस्ती. छातीत पाणी झाले आहे, पण डोके ठिकाणावर आहे. मला कोणी धाक घातलेला नाही की दारू पाजलेली नाही. माझ्यामागे काय कोणाचे, ते या कागदाने ठरवतो. आधीची दोन्ही मृत्युपत्रे रद्द समजावीत. ती करूनही जिवाला चैन पडले नाही.

एक. माझा देह बायको तेस्साशेजारी पुरावा. मेणबत्त्या चार पुरेत.

दोन. घर, खालची कामाची खोली आणि अंगणातले अंजिराचे झाड मुलगी बीचे हिचे. शेजारचा चांभार झाडावर हक्क सांगतो. तो खोटे बोलतो.

तीन. काटकोन आखायचा गुण्या, खिळे आणि कोळशाची पूड लावलेले आखणीचे दोरे बीचेलाच. बघणाऱ्याच्या डोळ्याच्या उंचीवर भिंतीत खिळा ठोकायचा, आणि फरशीची, तुळयांची, मेजाची आपल्यापासून दूर जाणारी प्रत्येक रेघ दोऱ्याने त्या खिळ्याकडे न्यायची, म्हणजे सपाट भिंतीत दालन उघडते. हे तिला माझ्यापेक्षा चांगले जमते. तोंडावर कधी बोललो नाही, म्हणून इथे लिहितो.

चार. हे कलम साल्वेस्त्रोचे. तिसऱ्यांदा लिहितो आहे. लिहून घेणारे वकील सेर गुआल्बेर्तो सुस्कारे टाकताहेत, टाकू देत.

साल्वेस्त्रो माझा भागीदार. मला रंग घोटायला त्यानेच शिकवले. रंगाऱ्यांच्या मंडळाने प्रार्थनागृहाची डावी भिंत आम्हा दोघांना दिली. विषय काना गावचे लग्न, जिथे येशूने पाण्याचा द्राक्षारस केला. दालन मी आखले, माणसे त्याने रंगवली. मेजाच्या पार पलीकडच्या टोकाला बसलेली येशूची आई मरिया त्याने सगळ्यांत मोठी काढली, मागे सोन्याचा वर्ख.

मी म्हणालो, "अरे, ती लांब बसलीय. लहान दिसायला हवी."

"पुढचा वाढपी एवढा धिप्पाड, आणि मरिया त्याच्या गुडघ्याएवढी?"

"दोरा लावून बघ की."

"नोफ्री, देवाची आई लांब कशी असेल रे?"

त्या प्रश्नाचाच मला राग आला. तो भाचीच्या लग्नाला प्रातोला गेला, तेव्हा मी त्याची मरिया खरवडली, नवा गिलावा दिला आणि दोऱ्यात बसेल एवढी काढली. परत आल्यावर त्याने भिंत बघितली. मग कुंचले फडक्यात गुंडाळून निघून गेला. एम्पोलीत खाणावळींच्या पाट्या रंगवू लागला. भिंत बघायला मात्र बोलोन्याहून लोक आले. माझे नाव झाले.

नऊ वर्षांनी तेस्साचे दुखणे बळावले. मरियेपुढे प्रार्थना करायची म्हणाली, म्हणून खुर्चीत बसवून तिला त्या भिंतीपुढे नेले. तिची नजर मंदावली होती. खूप शोधून म्हणाली, "अहो, ती कुठंय?"

मी बोटाने दाखवले. "हां," म्हणाली. तिला दिसले नव्हते.

माझी आखणी बरोबर आहे. आज लावा दोरा, बोटभर चूक निघणार नाही. तरीही दिवसातून दहादा उठतो, कोट चढवतो, प्रार्थनागृहाच्या वाटेला लागतो आणि निम्म्यातून परत येतो. म्हणून ठरवतो, की समोरची उजवी भिंत, जी मंडळाने मला दिली आणि मी कोरी ठेवली, ती साल्वेस्त्रोची. मंडळाची संमती आहे. माझ्याजवळचा सगळा वर्ख त्याला द्यावा. त्याने मरिया हवी तेवढी मोठी काढावी. त्या भिंतीत खिळा कोणी ठोकू नये, बीचेनेही नाही. तो जिवंत आहे तोवर भिंत दुसऱ्या कोणाला देऊ नये.

बीचे परवा एम्पोलीला निरोप घेऊन गेली होती. साल्वेस्त्रो तिला म्हणाला, "बापाला सांग, आधी मर, मग बघू." मग तिला शेंगांचे कालवण वाढले आणि ती जेवत असताना मान वर न करता विचारले, "भिंत उंच किती आहे गं?"

नऊ हात. सेर गुआल्बेर्तो, हेही कागदात लिहा.

मजकूर मला वाचून दाखवला, तो माझ्याच तोंडचा आहे.

नोफ्री दि वान्नी, सही स्वहस्ते
साक्षीदार: फ्रा इलारियोने (मठवासी), मेओ दि तूरा (पाव भाजणारा), चेक्को दि नूतो (सुतार) व इतर चार, ज्यांच्या निशाण्या मागील बाजूस आहेत
फ्लॉरेन्स, ११ सप्टेंबर १४७१