डावी शिवण

४ मार्च, मंगळवार

नाही आली! आठ वाजता टॅक्सी दारात, मी पिशवी घेऊन जिन्यात, आणि धाकटी बहीण खोलीला आतून कडी लावून बसलेली. "मी येत नाहीये. तू जा." मी जाऊन काय करू? केमो मला घ्यायची आहे का?

पावणेनऊपर्यंत दार बडवलं. मग टॅक्सीवाल्याची माफी मागितली, खाली येऊन दुकान उघडलं आणि एका पँटची उंची कमी करायला घेतली. तीही चुकली. एक पाय लांब, एक आखूड. बावीस वर्षं अल्टरेशनचं काम करतेय, असं कधी झालं नव्हतं.

दुपारी डॉक्टरीणबाईंचा फोन. ओरडल्या असत्या तर बरं वाटलं असतं. "ऑपरेशन चांगलं झालंय, पण तेवढं पुरत नाही. सहापैकी एकच केमो झालीय. अठरा तारखेला आणा. त्याच्यापुढे गेलं तर मी कसलीच खात्री देणार नाही."

चौदा दिवस.

५ मार्च, बुधवार

धाकटी बसस्थानकावर तिकीटखिडकीत बसते. म्हणजे बसायची. काचेपलीकडच्या माणसाला तिचा छातीपासून वरचाच भाग दिसतो. "बरोब्बर तेवढाच, ताई! दिवसाला हजार माणसं, आणि सगळी तिथेच बघणार!" मी म्हटलं, डावीकडे आत पॅड लावून देते, शिवून देते, कुणाला कळणार नाही. तर म्हणाली, मला कळेल.

ऑपरेशन झाल्यापासून एकच उद्योग, लॅपटॉपवरचा तो खेळ. किल्ले, तलवारी, जंगलं. त्यात तिची एक चोरटी आहे, लोकांची कुलपं उघडत फिरते. चार वर्षांपासून आहे. धाकटीचंच नाक, धाकटीचेच केस (तेव्हाचे), गालावरचा तीळसुद्धा.

आज दार चुकून उघडं राहिलं होतं. पडद्यावर चोरटी उभी आणि शेजारी आडव्या पट्ट्या. स्लायडर म्हणतात. ओढला की कंबर बारीक होते, खांदे रुंद होतात. धाकटी छातीचा स्लायडर एका टोकाला नेत होती, तर दोन्ही बाजू सपाट. दुसऱ्या टोकाला, तर दोन्ही भरलेल्या. पुन्हा इकडे. पुन्हा तिकडे. किती वेळ चाललं होतं कुणास ठाऊक! मी दारातच उभी.

मग लॅपटॉप आपटून बंद केला. "राक्षस होता येतं! शेपूट लावता येते! माझ्यासारखी बाई तेवढी होता येत नाही!"

"अगं, खेळ आहे तो," मी म्हटलं. म्हणायला नको होतं.

"मग तू कर ना! करून दाखव माझ्यासारखी. ज्या दिवशी करशील त्या दिवशी येते तुझ्या दवाखान्यात."

रागात बोलली. माहीत आहे रागात बोलली. पण बोलली!

६ मार्च, गुरुवार

शेजारच्या गाळ्यात दुरुस्तीवाले आहेत. साठीला आलेले, दिवसभर कुणाच्या तरी कॉम्प्युटरच्या पोटात डोकं घालून. नमस्कार-चमत्कारापलीकडे आमचं बोलणं नाही. आज सरळ जाऊन उभी राहिले. कसं विचारायचं ते तीनदा मनात घोकलं होतं, आयत्या वेळी सगळं विसरले. "खेळातल्या बाईची एका बाजूची छाती काढायची आहे. होईल का?"

हातातला स्क्रू पडला त्यांच्या. मग आम्ही दोघं खाली वाकून तो शोधत बसलो, ते बरं झालं, तोंडाकडे बघावं लागलं नाही. टेबलाखालून बोलले, "धाकट्या बाईंसाठी?" हो म्हटलं.

तो खेळ ते स्वतः खेळतात! कान लाल करून सांगितलं. म्हणाले, याला मॉड लागेल. खेळ बनवणाऱ्यांनी दिलेला माल खेळणारे आपापल्या सोयीने बदलून घेतात, तो मॉड. म्हटलं, म्हणजे माझाच धंदा की! रेडिमेड कपडा आणायचा आणि अंगाला बसवून घ्यायचा. "अगदी तेच, ताई. पण एक आहे... लोक वाढवायलाच येतात. कमी करायला कुणी आलेलं मी पाहिलं नाही."

८ मार्च, शनिवार

काय काय बघितलं आज! दुपारी दुकान बंद ठेवून त्यांच्या गाळ्यात बसले. मॉडच्या याद्याच्या याद्या. एकेका बाईची मापं अशी की माझा टेप पुरायचा नाही. या बायका तलवार कशी चालवतात? पुढच्या पुढे तोंडावर पडतील! दुरुस्तीवाले भिंतीकडे तोंड करून बसले होते आणि "पुढचं पान... पुढचं पान..." म्हणत होते. हसू आलं मला. किती दिवसांनी आलं.

मग रडूही आलं. हजारो बायका, आणि सगळ्या डावी-उजवी सारख्या.

त्यांनी माझ्या वतीने तिथल्या लोकांना इंग्रजीतून विचारलं. दोघांनी चेष्टा केली. एकाने असं काही चित्र पाठवलं की दुरुस्तीवाल्यांनी घाईघाईने पडद्यापुढे हात धरला. एकच सरळ उत्तर आलं. नाव 'कोळी' लावलंय, जाळं विणतो तो; माणूस कुठल्या देशातला देव जाणे. स्लायडर विसरा, म्हणे. अंगाचा मूळ साचा एका फाईलमध्ये असतो, तो उघडून हाताने बदलता येतो. 'दोन्हीकडे सारखं' अशी एक खूण असते ती आधी काढून टाका. खाली दोनच शब्द: माझी आई.

९ मार्च, रविवार

धाकटी दोन घास खाऊन उठली. नऊ दिवस राहिले.

१० मार्च, सोमवार

साचा उघडला. जाळीदार बाई, हजार त्रिकोणांची. मला वाटलं होतं सगळं डोक्यावरून जाणार. नाही! पुढचा भाग, पाठ, काख, चुण्या कुठे पडतील, सगळं ओळखीचं. माऊसने एकेक टोक धरून आत ढकलायचं. दुरुस्तीवाले बघतच राहिले. "तुमचा हात चांगला आहे हो."

हात चांगला असायलाच हवा. ड्रेसिंग मीच करत होते. काखेपासून मध्यापर्यंत, जरा तिरकी, एकोणीस टाके, शेवटी एक छोटीशी घडी राहिलीय. धाकटी तेव्हा खिडकीकडे बघत राहायची. तिने ती जखम अजून पाहिलेली नाही. मला डोळे मिटून काढता येते.

११ मार्च, मंगळवार

हे कुणाला सांगितलेलं नाही. इथे लिहिते.

गेल्या जूनमध्ये धाकटीसाठी करडं जाकीट शिवलं होतं, कामावर घालायला. झकास बसलं. ऑगस्टमध्ये म्हणाली, डावीकडे आवळतंय गं. मी टेप लावला. डावी बाजू अर्ध्या बोटाने जास्त. मापाच्या वहीत दोन्ही आकडे शेजारी शेजारी लिहिलेले आहेत, आज परत काढून बघितले.

बाई अंगाने भरली तर दोन्हीकडून भरते. एकीकडून भरत नाही. हे मला कळत नाही का? कळतं! तेव्हाही कळलं होतं. आणि मी काय केलं? डावी शिवण उसवली, अर्धं बोट सोडली, इस्त्री फिरवली. "घे, बसलं बघ."

डॉक्टरकडे गेली ती डिसेंबरमध्ये. चार महिने! डॉक्टरीणबाई म्हणाल्या, जरा आधी आला असतात तर. मी मान डोलावली, जसं काही दुसऱ्याच कुणाबद्दल चाललं होतं. त्या दिवसापासून धाकटीच्या नजरेला नजर देत नाही मी. तिला वाटतं, मी तिच्या छातीकडे बघायचं टाळते.

१२ मार्च, बुधवार

झालं! कातडीच्या चित्रावर खूणही काढली, एकोणीस टाके मोजून. दुरुस्तीवाल्यांच्या खेळात घालून पाहिलं. चोरटी उभी राहिली, आमच्या धाकटीसारखी. मी त्यांचा हातच धरला. त्यांनी डोळे पुसले आणि म्हणाले, आता कपडे चढवू.

कपडे चढवले. दोन्ही बाजू परत!

काढले, एक. चढवले, दोन. मग कळलं, खेळातल्या प्रत्येक कपड्याच्या आत त्याचं स्वतःचं अंग शिवलेलं असतं. कपडा घातला की बाईचं अंग जातं आणि कपड्याचं येतं. म्हणजे प्रत्येक कपडा नव्याने बसवायचा. किती आहेत? दोनशे चौदा.

सहा दिवसांत दोनशे चौदा! आयुष्यभर हेच करत आलेय, आणि इथेही हेच माझ्या नशिबी. गाळ्यात बसून वेड्यासारखी हसत होते मी. दुरुस्तीवाल्यांनी पाणी आणून दिलं.

१४ मार्च, शुक्रवार

एकशे दोन झाले. गिऱ्हाइकांचे कपडे तसेच पडलेत. एक बाई पाटीवर बोट ठेवून भांडून गेली, 'दोन दिवसांत' असं लिहिलंय ना! लिहिलंय. घ्या तुमचा फ्रॉक.

घरी आले तर धाकटी म्हणाली, "रोज दुपारी कुठे असतेस? मी मरायच्या आधीच कंटाळलीस?"

कानफटात मारणार होते. खरंच हात उचलला होता. ती तशीच उभी, टोपीखाली एक केस नाही, आणि डोळ्यांत "मार ना" असं. मी हात खाली घेतला आणि भांडी घासायला गेले. घासलेली भांडी परत घासली.

१६ मार्च, रविवार

दोनशे चौदा! डोळ्यांपुढे त्रिकोण नाचताहेत. उद्या धाकटीच्या लॅपटॉपवर घालायचं.

डॉक्टरीणबाईंच्या नर्सचा फोन. "मंगळवारी येताय ना?" मी म्हटलं, येतोय. कुणाच्या जिवावर म्हटलं?

१७ मार्च, सोमवार

सगळं वाटोळं केलं मी. माझ्या हाताने.

सकाळी धाकटी आंघोळीला गेली तेव्हा पेन ड्राइव्ह लावून सगळं चढवलं. आली तशी तिला खुर्चीत बसवलं. "बघ," म्हटलं, "तू म्हणाली होतीस ना."

चोरटी तळ्याकाठी उभी होती. धाकटीने तिचा अंगरखा काढला. मग पडद्यावर बोट ठेवलं आणि काखेपासून मध्यापर्यंत हळूहळू फिरवलं. शेवटच्या घडीपाशी थांबली. "ही घडी... खरंच आहे?" आहे म्हटलं. "अशी दिसते होय." अंगरखा परत चढवला. अंग तसंच राहिलं. माझे दोनशे चौदा कपडे! मला वाटलं, जिंकले मी.

मग तिने चोरटीला गावात नेलं. खाणावळवाली पुढे आली. धाकटी म्हणाली, "ही पण?"

मी बघितलं आणि माझ्या तोंडचं पाणीच पळालं. खाणावळवालीची डावी बाजू सपाट. बाहेर लोहारीण, तीही. वेशीवरची पहारेकरीण. चिलखत घातलेली सेनापतीण, तीही! सगळ्या!

धाकटी माझ्याकडे वळून बघेना. "ताई, तू बाहेर जा."

धावत दुरुस्तीवाल्यांकडे. त्यांनी कपाळाला हात लावला. "तुम्ही मूळ साचाच बदललात का? नक्कल नाही काढली? अहो, त्या जगातल्या सगळ्या बायका त्याच एका साच्यातून निघतात! मीही वेडा, तपासलं नाही."

मूळ कागद कधी कातरायचा नाही, त्यावरून दुसरा छापून घ्यायचा आणि तो कातरायचा. शिवण शिकायला आलेल्या मुलींना पहिल्या दिवशी सांगते मी हे! आणि मीच मूळ कागदाला कात्री लावली.

तिला वाटलं असेल, थट्टा केली. तिला काय हवं होतं? एक, तिची एकटीची. आणि मी तिचं दुःख गावभर वाटून आले. दारातून आवाज येतोय. हसतेय की रडतेय कळत नाही. कान लावला तरी कळत नाही. कडी आतून. दुरुस्तीवाले म्हणतात दोन तासांत पूर्ववत करतो, पण लॅपटॉप आत आहे, ती आत आहे, आणि उद्या अठरा.

ऑगस्टमध्ये शिवण सोडली तिथेच सगळं चुकलं. तिथून जे हातात घेतेय ते बिघडतंय. ती नाही आली तर मी काय करू? उचलून नेऊ? नेईन. टॅक्सीवाल्याला सांगून ठेवलंय.

१८ मार्च, मंगळवार

सात वाजता तिनेच कडी काढली. बूट घातलेले. "रात्रभर खेळून राणीपर्यंत जाऊन आले, ताई. राणीसुद्धा तशीच! आणि कुणी कुणाकडे बघत नाही गं. तो साचा परत बदलायचा नाही, सांगून ठेवते."

मग करडं जाकीट माझ्या मांडीवर टाकलं. "आज हे घालणार आहे. डावी शिवण आत घे. ऑगस्टमध्ये तू टेप लावलास ना, तेव्हा मी श्वास रोखून उभी होते, तुझ्या हाताला लागू नये म्हणून. मला जुलैतच लागली होती गाठ."

टॅक्सी खाली आली आहे. अजून चार टाके राहिलेत.